मुलाण्याच्या वावरातली बाजरी

पारसच्या जाण्यानं मराठवाड्याच्या इतिहासाचा एक साक्षीदार हरपला, असं शोकसभेच्या बॅनरवर मोठ्या अक्षरांत लिहिलं होतं. ओळ भारदस्त होती. ती मीच लिहून दिली होती. बॅनर चौकात लागल्यावर माझ्या लक्षात आलं, की ज्या दिवसांच्या मागं पारस पंधरा वर्षं लागला होता, ते दिवस उगवले तेव्हा त्याच्या आईवडिलांचं लग्नही झालेलं नव्हतं. त्यानं स्वतः काहीच पाहिलेलं नव्हतं. ज्यांनी पाहिलं होतं त्यांच्या ओसरीवर जाऊन बसायचं, कॅमेरा लावायचा आणि वाट पाहायची, एवढंच त्यानं केलं. पण वाट पाहणारा माणूस हरपला, असं बॅनर आमच्याकडं कुणी लावत नाही.

बातमी आली ती त्याच्या बायकोच्या फोनवरून. सकाळचे साडेआठ झाले होते. भाभी म्हणाल्या, "भाईसाब, ये चले गए." मी विचारलं, "कुठल्या गावाला?" कारण पारस नेहमी कुठल्या ना कुठल्या गावाला गेलेलाच असायचा. पलीकडं कुणीतरी त्यांच्या हातातून फोन घेतला, तेव्हा मला समजलं... छातीत दुखतंय म्हणून त्याला संभाजीनगरला नेत होते. गाडी बदनापूरच्या पुढं गेलीच नाही. माझा तो प्रश्न मला अजून ऐकू येतो. भाभींनी त्याबद्दल एका शब्दानं कधी काही म्हटलं नाही, त्यामुळं तर जास्तच.

आम्ही पाचवीपासून एका बाकावर बसलो. त्याचं घर मारवाडी जैन. कुणा खापरपणजोबानं राजस्थानातून येऊन जालन्याच्या मोंढ्यात भुसाराचं दुकान टाकलेलं. माझं घर भोकरदन तालुक्यातलं, शेतकऱ्याचं. वडिलांना नोकरी लागली म्हणून जालन्यात आलेलं. शाळेतून सुटल्यावर पारस दुकानात गादीवर बसायचा आणि मूठभर दाणे हातात घेऊन माल कुठल्या भागातला ते सांगायचा. वडिलांना वाटलं, पोरगं दुकान चालवणार. पोरानं व्हिडिओ कॅमेरा आणला आणि लग्नांचं शूटिंग सुरू केलं. जालन्यातल्या कितीतरी संसारांची सुरुवात त्याच्या कॅसेटमध्ये बंद आहे. त्यातल्या बऱ्याचशा कॅसेटना आता बुरशी आली आहे, आणि संसारांबद्दल मला माहिती नाही. मी हायस्कूलात इतिहास शिकवायला लागलो. तेव्हापासून तो मला गुरुजी म्हणायचा. त्यात आदर किती आणि टोमणा किती, हे मी कधी विचारलं नाही.

लग्नाचा सीझन नसला की तो सत्कार शूट करायचा. आमच्याकडं सप्टेंबर हा सत्कारांचा महिना. निजामाचं राज्य गेलं, रझाकारांचा जुलूम संपला, त्याचा दिवस. ज्यांनी तो लढा दिला अशा वृद्धांना शाली पांघरायच्या, नारळ द्यायचे, मग वक्त्यांनी त्यांच्यापेक्षा तिप्पट वेळ बोलायचं. जुलूम खरा होता, लढणारेही खरे होते. त्यात खोटं काहीच नव्हतं. फक्त सगळ्या गोष्टी एकाच ठिकाणी संपायच्या. भारताचं लष्कर आलं, निजाम शरण गेला, झेंडा लागला. पारस सत्कारानंतर या म्हाताऱ्यांच्या घरी जायचा, सावकाश बसायचा आणि विचारायचा, "पुढं काय झालं, दादा?" उत्तर ठरलेलं असायचं. "पुढं काय? आनंदीआनंद."

माझ्या आजोळच्या गावातही त्याला हेच उत्तर मिळालं. गावाचं नाव मी इथं लिहीत नाही, या मुलाखतींतून पारसनं पुढं जी फिल्म केली तिच्यातही ते नाही. मी माईक धरायला गेलो होतो, कारण दुसरं कुणी फुकट मिळत नव्हतं. समोर नव्वदीला टेकलेले एक आजोबा. झेंड्यापर्यंतची गोष्ट दोनदा सांगून झाली होती. उन्हं कलायला लागली. पारस सूर्यास्तानंतर जेवत नसे, पाणीही घेत नसे, त्यामुळं त्याच्या मुलाखती उन्हं असेपर्यंतच चालायच्या. सामान आवरता आवरता त्यानं सहज विचारलं, "दादा, त्या साली बाजरी कवा सोंगली?" दुकानात वाढलेल्या माणसाचा प्रश्न होता. शेतकरी तारीख विसरतो, पुढाऱ्याचं नाव विसरतो, पण कुठल्या साली कुठल्या वावरात काय पेरलं होतं आणि ते कधी काढलं, हे विसरत नाही. आजोबा खुलले. बोटांवर मोजत सांगायला लागले. "आमची दसऱ्याच्या बराबर. पाटलाची त्याच्या मागून. मुलाण्याची तर आमच्याबी आधी सोंगली, ती..." आणि थांबले. कॅमेऱ्याकडं बघितलं. "त्ये बंद करा."

पारसनं लगेच बंद केला. पाणी मागून प्यायला, पाया पडला आणि निघाला. गाडीत बसल्यावर म्हणाला, "गुरुजी, या गावात मुलाणी कुठं राहतात?"

मुलाणी म्हणजे गावच्या मशिदीची दिवाबत्ती पाहणारं घर. माझ्या आजोळी असं घर नाही. मशीदही नाही. मुलाण्याचं वावर मात्र आहे. उन्हाळ्याच्या सगळ्या सुट्ट्यांत मी त्या वावरातल्या विहिरीत पोहलो, बांधावरचे आंबे खाल्ले. ते वावर माझ्या मामाचं होतं, आता मामेभाऊ भगवान कसतो. तो आजही म्हणतो, "मुलाण्याच्या वावरात औंदा कपाशी लावली." माझ्या आयुष्याची पन्नास वर्षं मी हे नाव ऐकलं, इतिहासात एम.ए. केलं, मुक्तिलढ्याचा धडा वर्षानुवर्षं शिकवला, आणि मुलाणी कोण, ते कुठं गेले, हा प्रश्न मला पडला नव्हता. तो पडायला एक भुसारवाला लागला.

त्यानंतर दोन वर्षं पारस तालुकाभर हिंडला. रझाकारांबद्दल लोक भरभरून सांगायचे, तेही तो सगळं टिपायचा. मग शेवटी एकच प्रश्न. झेंडा लागल्यानंतर उभी पिकं कुणी काढली? ज्यांची घरं त्या आठ-पंधरा दिवसांत रिकामी झाली, त्यांची बाजरी कुणी सोंगली? मेले किती, मारलं कुणी, हे त्यानं कुणाला विचारलं नाही. तो म्हणायचा, "मारलं कुणी म्हटलं की माणूस दार लावतो. बाजरी म्हटलं की हिशोब चुकलेला दुरुस्त करायला लागतो." पुढं पुढं त्याचं नाव पसरलं. राजूरच्या गणपतीला चतुर्थीच्या गर्दीत आम्ही चहा पीत होतो, तर शेजारच्या बाकावरून एकानं हाक मारली, "काय बाजरीवाले शेठ! भाव काय देऊन राह्यले मंग?" पारस म्हणाला, "भाव न्हाई, दादा. नुस्तं इचारायला आल्तो." माणूस हसला. मग कप खाली ठेवून, इकडं तिकडं बघून, हळूच म्हणाला, "आमच्याकडं ज्वारी व्हती." आणि गर्दीत निघून गेला. आम्ही दोघं त्या कपाकडं बघत बसलो.

माझ्या आईला विचारावं, असं मला सुचलं नाही. तिचं माहेर तेच गाव, वय तेव्हा आठ-नऊ. हे साधं गणित मी केलं नाही, की मुद्दाम टाळलं, ते आता नक्की सांगता येत नाही. एका दुपारी पारस घरी आला होता. आई शेंगा निवडत होती. मान वर न करता म्हणाली, "काहून रे पारस, समद्या मुलुखाला इचारून राह्यला. मला न्हाई इचारलं." पारस माझ्याकडं न बघता उठला आणि गाडीतून कॅमेरा घेऊन आला.

आई सांगत होती आणि शेंगा फोडत होती. मुलाण्याचं वावर आणि तिच्या वडिलांचं, म्हणजे बापूंचं वावर बांधाला बांध लागून होतं. मुलाण्याची पोरगी बानू तिच्या बरोबरीची. बाजरी दाण्यावर आली की दोघींनी पाखरं राखायची. माळा एकच, मुलाण्याच्या वावरातला. "गोफन तिला चांगली यायची. मला न्हाई. माझा दगड मागंच जायचा." हे सांगताना आई हसली. मग एक दिवस बानू आली नाही. घराला कडी होती. "बापू म्हन्ला तिकडं जायचं न्हाई. नाल्याकडं तर बिलकुल न्हाई." पारसनं नाल्याचं काही विचारलं नाही. फक्त म्हणाला, "बाजरी, मावशी?"

"बाजरी उभी व्हती ना. आठ दिस पाखरांनी खाल्ली. राखायला कोनी न्हवतं. मी मनली, मी एकली जाते, तर मला मारलं. मंग बापू म्हन्ला, पाखरं खाऊन राह्यले, त्यापरीस आपन काढू. समदं घर गेल्तो. म्या बी कणसं खुडली."

माझा माईकचा हात भरून आला होता, पण खाली घेता येत नव्हता. मला वाटलं, आता संपलं. तर पारसनं विचारलं, "भाकरी कशी झाली त्याची?" मला त्याचा संताप आला. असला प्रश्न कुणी विचारतं का?

आईच्या हातातली शेंग तशीच राहिली. "गोड झाली रे, बाबा..." ती म्हणाली. "लई गोड. मी दोन खाल्ल्या."

पारसनं कॅमेरा बंद केला नाही. तो विसरला. आई पुन्हा शेंगा फोडायला लागली, ते कितीतरी वेळ रेकॉर्ड होत राहिलं. तोवर दिवस बुडाला होता. त्याचं जेवण राहिलं, म्हणजे दुसऱ्या सकाळपर्यंत उपास. माझ्या बायकोनं त्याच्यासाठी केलेला स्वयंपाक आम्ही खाल्ला. भाकरी ज्वारीची होती. तरीही मला गेली नाही.

पुढच्या आठवड्यात मी त्याच्याकडं गेलो आणि आईचा भाग फिल्ममधून काढायला सांगितला. कारणं मी मुद्देसूद मांडली, शिक्षकी पेशाची सवय. वावर आज भगवान कसतो. गावात कुरबुर होईल. आईचं वय झालंय. जे कारण सांगितलं नाही ते असं, की गावातल्या शाळेला बापूंचं नाव आहे, दारात सिमेंटची कमान आहे, आणि त्या कमानीच्या उद्घाटनाला 'त्यागमूर्ती बापू' या विषयावर चाळीस मिनिटांचं भाषण मी केलेलं होतं. भाषण चांगलं झालं होतं. बापूंनी रझाकारांच्या वेळी गावच्या बायकापोरांना आपल्या घरात आसरा दिला होता, हे त्यात होतं, आणि तेही खरंच होतं.

पारसनं ऐकून घेतलं. तो वाद घालेल म्हणून मी तयारीनं गेलो होतो. तो म्हणाला, "ठीक है, गुरुजी. काढतो." बस. फिल्म पुण्याला एका महोत्सवात दाखवली. लोकांनी टाळ्या वाजवल्या, एका विद्वानांनी स्मृती आणि विस्मृती यावर बोलायला सुरुवात केली ती आयोजकांनी चिठ्ठी पाठवेपर्यंत. परत येताना बसमध्ये पारस म्हणाला, "दाणा काढून घेतला की पोतं हलकं लागतं, नाही?" त्यानंतर सात वर्षांत त्यानं हा विषय माझ्याकडं एकदाच काढला. मागच्या दिवाळीत. आईला भेटायला तो दर दिवाळीत यायचा, तिच्यासमोर बसायचा, दोघं शेतीचं बोलायची. निघताना दारात चपला घालत मला म्हणाला, "मावशीला एकदा विचार. माझ्यासाठी नको, तुझ्यासाठी विचार." मी म्हटलं, बघू. मी बघितलं नाही. ती आमची शेवटची भेट.

तिसऱ्या दिवशी उठावणा, म्हणजे त्यांच्यातली सांत्वनाची बैठक, झाली. लोक पांगल्यावर भाभींनी मला त्याच्या खोलीत नेलं. टेबलावर कॉम्प्युटर, खिडकीत त्याचा तांब्या, भिंतीवर महावीरांचं कॅलेंडर. त्यांनी एक हार्ड डिस्क माझ्या हातात दिली. "ये आपको देने को बोला था. कब का बोला था." त्यात फिल्मच्या दोन फाइली होत्या. एकीचं नाव 'फायनल', दुसरीचं 'खरी फायनल'. दुसरीत आई होती. सगळी. शेंगा फोडत बसलेली, पारस कॅमेरा बंद करायला विसरला तो वेळसुद्धा. त्यानं शब्द पाळला होता, ती कुणाला दाखवली नव्हती. आणि पुसलीही नव्हती.

मी ते आईला दाखवलं. ती आता सहाऐंशीची आहे, नजर अधू, कान शाबूत. पूर्ण ऐकून झाल्यावर मी सांगितलं, की हे मीच काढायला लावलं होतं. तिला आधी समजेना. मग समजलं.

"तू? तुला कोनी इचारलं व्हतं?"

मी म्हटलं, "तुलाच त्रास झाला असता..."

"सत्तर वरीस झाला की मला तरास. त्या पोराला सांगितलं तवा जरा हलकं वाटलं. अन् तू ते डब्यात घालून ठिवलं." मग म्हणाली, "तुला काहून न्हाई सांगितलं, ठाव हाये? तू भाषनं करतोस."

ही फिल्म तिच्या माहेरी दाखवायची, एवढंच मी त्यावर ठरवलं.

भगवानला फोन केला. आई फिल्ममध्ये काय सांगते ते त्याला सांगितलं, आणि ती तुमच्या गावात, शाळेत दाखवायची म्हटलं. तो म्हणाला, "दादा, बापूच्या कमानीखालून नेऊन बापूचीच बाजरी काढून राह्यले का तुम्ही? मी त्या वावरात उद्या कसं उभं राहायचं, ते सांगा." प्रश्न रास्त होता. मी उत्तर जुळवत होतो, तेवढ्यात आईनं फोन घेतला. "भगवान्या, मी येऊन राह्यले. दुपारी ठेव, मला रातच्याला दिसत न्हाई. पुढची खुर्ची दे. अन् तू माझ्या बाजूला बस." भगवान म्हणाला, "हो, आत्या." आमच्या घराण्यात एवढा छोटा निर्णय याआधी झालेला माझ्या आठवणीत नाही.

मागच्या रविवारी, दुपारी तीन वाजता, शाळेच्या हॉलमध्ये फिल्म दाखवली. खिडक्यांवर सतरंज्या ठोकल्या होत्या. स्टुलावर चढून त्या भगवाननंच ठोकल्या, कुणाला हात लावू दिला नाही. पन्नासेक माणसं असतील. बायका मागं, भिंतीला टेकून. भाभी जालन्याहून आल्या होत्या. प्रास्ताविक नव्हतं, दीपप्रज्वलन नव्हतं. मला बोलायला सांगितलं तर मी नको म्हटलं. पडद्यावर आई आली आणि गावानं तिला ओळखलं, तेव्हा जरा कुजबुज झाली. मग ती थांबली. भाकरी गोड झाली, असं पडद्यावरची आई म्हणाली तेव्हा मी भगवानकडं बघितलं. तो गुडघ्यांवर हात ठेवून खाली बघत होता. उठून गेला नाही. शेंगा फुटण्याचा आवाज त्या हॉलमध्ये फार मोठा वाटला... माझ्या मागं कुणीतरी बाई रडत होती. भाभी असाव्यात असं वाटलं, पण त्या माझ्या पुढं बसल्या होत्या.

फिल्म संपली. कुणी टाळ्या वाजवल्या नाहीत, हे बरं झालं. कुणी सतरंजी काढायलाही उठेना. त्या अंधारात भगवाननं आईला विचारलं, "आत्या, बानू त्याच्यामागं कवा दिसली का?" आई म्हणाली, "न्हाई." मला वाटत होतं, आता कुणीतरी उभं राहील, आवाज चढवेल, बापूंचं नाव घेईल, हे खोटं आहे म्हणेल. त्यासाठी मी मनात तयारही झालो होतो.

उभे राहिले ते मागच्या रांगेतले एक म्हातारे, काठी टेकत. म्हणाले, "चूक हाये फिल्मीत."

सगळ्या माना मागं वळल्या.

"बाजरी चुकीची दावली. कमरेइतकी दावली. तवाची बाजरी मानसाच्या डोक्याच्या वर जायची. मधी मानूस शिरला तर दिसत नव्हता. ही हायब्रीड हाये."

आई पुढच्या खुर्चीतून म्हणाली, "बराबर हाये त्याचं."

दुसरी हरकत आली नाही. चहा झाला, लोक घरी गेले. मी दुसऱ्या दिवशी सकाळी ती बाजरीची चौकट थांबवून पाहिली. म्हातारबुवांचं खरं होतं. पारस दाणा ओळखायचा, वावरातलं उभं ताट नव्हे. त्याच्या दुकानात बाजरी पोत्यातून यायची. राजूरच्या रस्त्यावरचा एका बियाणं कंपनीचा प्रात्यक्षिक प्लॉट त्यानं चांगला उजेड बघून शूट केला होता. डाव्या कोपऱ्यात पाटी अर्धी आली आहे, आणि नीट पाहिलं तर वाणाचा नंबरही वाचता येतो.